नात्सुएचे मिटलेले ओठ

परभणी-मानवत बसमध्ये खिडकीच्या जागेवर कुणाचा तरी रुमाल पडला होता. रुमाल म्हणजे काय सातबारा आहे का, असं मी अख्ख्या बसला विचारत होते. मागून एक जण पुढं आला.

"माझा हाय. बसा तुमी. फक्त... तुमचा आवाज मला द्या."

"देते की! डब्यात भरून देऊ?"

हा महारुद्र. मानवतला कापसाच्या जिनिंगच्या मागच्या खोलीत, भिंतींना गोधड्या टांगून, तो परदेशी सिनेमे मराठीत आणायचा. नात्सुए कुरामोरी नावाच्या जपानी नटीचं सगळं काम त्याच्याकडं आलं होतं. ती गेल्या वर्षी वारली होती, आणि तिला मराठी आवाज हवा होता.

जिनिंगची मशिनं जेवणासाठी थांबली, की तो पाऊण तास आमचा. पंखासुद्धा बंद. पहिल्या सिनेमात नात्सुए सतरा वर्षांची. मग टीव्हीवरची नर्स, वकिलीण, खाष्ट सासू... तीन महिन्यांत मी तिचं अख्खं आयुष्य बोलून काढलं.

"सासू लय जमली हं तुमाला."

"माझ्या होणाऱ्या नवऱ्याला सांगा, सांभाळून राहा म्हणून."

"सांगतो... पण कोण हाय तो?"

"मला काय माहीत!" मग आम्ही दोघंही उगाच वायरी गुंडाळत बसायचो.

एकाच गोष्टीनं अंगावर काटा यायचा. रेकॉर्डिंगमध्ये माझ्या प्रत्येक वाक्याआधी एक श्वास ऐकू यायचा. तो माझा नव्हता. "वायरीचं असंल," महारुद्र म्हणायचा, पण माझ्याकडं बघायचा नाही. घरी आईनं विचारलं, "राजेश्री, झोपेत काय बोलायलीस? आपल्या भाषेतलं न्हाई ते."

अशात हैदराबादच्या एका मोठ्या स्टुडिओनं त्याला बोलावलं. शेवटचा सिनेमा संपवून सोमवारी तो जाणार, कायमचा. माझा जीव जडला होता त्याच्यावर. पण आधी बोलायचं कुणी? मी? बोलतंय माझं खेटर!

शेवटच्या प्रसंगात नात्सुए फलाटावर उभी असते आणि तिचा माणूस गाडीत चढतो. कागदावर लिहिलं होतं : संवाद नाही, ओठ मिटलेले. आम्ही तीनदा पाहिलं, मिटलेलेच होते. चौथ्यांदा मला फक्त उसासा टाकायचा होता. पडद्यावर गाडी हलली, आणि माझ्या तोंडून निघूनच गेलं —

"जाऊ नका ना... मला तुमी लय आवडता."

महारुद्र वळलाच नाही. त्यानं प्रसंग मागं नेला आणि माझ्या आवाजासकट पुन्हा लावला.

नात्सुएचे ओठ हलले. जाऊ... नका... ना. अक्षर न् अक्षर जुळलं, 'लय'सुद्धा. मग तिनं हळूच मान वळवली. गाडीकडं नाही, आमच्याकडं.

त्यानं घाईघाईनं स्क्रीन बंद केली.

"हे... कोण कुणाला म्हणालं?"

"तिचं तिला ठाऊक." मी रडत होते बहुतेक. "मी तुमाला म्हणाले."

"मग माईकबिगर म्हणा एकदा."

तेवढ्यात जिनिंगचा भोंगा वाजला, मशिनं धडधडायला लागली. त्या गोंगाटात मी काय म्हणाले ते माझं मलाही ऐकू आलं नाही. पण ओठ वाचणं हा तर महारुद्रचा रोजचा धंदा. सोमवारी हैदराबादची गाडी त्याच्याविना गेली.