कड्यावरची ललकारी

भैरवकड्यावर तांबडे फुटत होते, खाली दरीत धुके साचले होते, आणि ज्या कड्यावरून सालाभरापूर्वी आपल्याच हुकमाने संतू नावाच्या तरुण भोयाचा कडेलोट झाला त्याच कड्याच्या वाटेने कमाविसदार अंताजी शिवदेव पालखीत लोडाला टेकून, पान चघळीत निर्धास्त निघाले होते. वेठीने परगणा पिळून काढणाऱ्या या गृहस्थाला एवढेही स्मरत नव्हते, की दांडीच्या अग्रभागी चालणारा कान्हू नाईक त्या संतूचा बाप होता.

संतूचा अपराध तो काय? तापाने कोसळलेल्या जोडीदाराला पाणी पाजायला त्याने पालखी भुईवर टेकवली. अंताजींनी ती बंडखोरी ठरवली. कान्हूने त्यांच्या पायांवर पागोटे ठेवले, ते त्यांनी जोड्याने बाजूला सारले. बाप असले काही विसरत नसतो.

वाट अरुंद, म्हणून शिपाई पुढे वळणापार गेले होते.

“पाय उचला रे! खाऊन माजलात काय?” पालखीतून आवाज आला.

“जी, सरकार,” कान्हू म्हणाला. मग त्याने ललकारी दिली, “खांदा बदला, गड्यांनो!”

कड्यावर खांदा बदलायचा नाही, हा भोयांचा बापजाद्यांपासूनचा नेम. मागच्या सातांनी ललकारी ऐकली आणि काय ते ओळखले. एकानेही दांडी धरून ठेवली असती, तर तिच्यासंगे सगळेच गेले असते. आठही खांदे दरीकडे कलले आणि दांडीखालून निघाले. पालखी खालच्या धुक्यात नाहीशी झाली.

चौकशीस पुण्याहून धोंडोपंत लिमये आले. त्यांनी भोयांना सदरेवर उभे केले.

“खरे बोलेल त्यास सरकारातून अभय मिळेल. कमाविसदारांचा घात कोणी केला?”

“पाय निसटला, महाराज.”

“कोणाचा?”

“ध्यानात न्हाई.”

कोरड्यांनी पाठी फुटल्या, पण जबाब बदलला नाही. अखेर पंत कान्हूकडे वळले.

“नाईक, आठ भोई काठावर आणि पालखी तेवढी दरीत, हे कसे घडले?”

“देवाला ठावं, सरकार. माझा ल्योक गेला तवा म्याबी हेच इचारलं हुतं. कुनी सांगितलं न्हाई.”

मृत्यूचे कारण कळत नाही, असे पंतांनी पुण्यास कळविले.

परतीला गावात दुसरे भोई नव्हते. त्याच आठांनी पंतांची पालखी उचलली. कडा आला तसा पंतांनी पडदा सारला.

“नाईक, पालखी टेकवा. एवढी वाट आम्ही पायी चालू.”

कान्हूने पालखी अलगद भुईवर टेकवली, संतूने टेकवली होती तशीच. आज त्याला कोणी बंडखोरी म्हटले नाही.