बेबीनंदाची शेवटची कॅसेट

जालन्यात मी लग्नाची व्हिडिओ शूटिंग करायचो. अठ्ठ्याण्णव साली कारभारी नावाच्या कॅसेटवाल्यानं मला वेगळं काम दिलं. जिल्ह्यात घडलेल्या खुनांवर तो छोटे सिनेमे काढायचा. व्हिडिओ सेंटरवर त्या कॅसेटी जोरात चालायच्या आणि लोक आम्हाला शिव्याही तेवढ्याच द्यायचे. एका गावात तर आमच्या जीपवर दगड पडले.

मेलेल्या बाईचं काम दरवेळी बेबीनंदा करायची. टेंभुर्णीची, नवऱ्यानं टाकलेली, अगदी हळू बोलणारी. बाजारात बाया तिला पाहून तोंड फिरवायच्या. एकदा ती मला म्हणाली, "कारभारी फक्त मरताना दाखवून राह्यला. ती बाई हसायची कशी, हे कुनीच इचारत न्हाई."

नंतरची गोष्ट शहागडच्या सगुणाची होती. नवऱ्यानं तिला गोदावरीत बुडवून मारलं होतं. भर दुपारी आम्ही काठावर कॅमेरा लावला. वर पुलावरून ट्रक धडधडत होते. पाण्याला शेवाळाचा वास येत होता. बेबीनंदा हिरवी साडी नेसून गुडघाभर पाण्यात उभी होती.

तेवढ्यात सगुणाची आई, सोनूबाई, ओरडतच उतरणीवरून आली.

"बंद करा हे! माझ्या लेकीला किती वेळा मारता रे?"

कारभारी तिला अडवायला निघाला, तेव्हा पाण्यातून बेबीनंदा बोलली.

"माय, अनवानी आलीस व्हय? पाय भाजले असतील न गं."

आवाज तिचा नव्हता. जाड, घोगरा. मी कॅमेऱ्यावरचा डोळा काढला आणि नुसताच बघत राहिलो.

म्हातारी वाळूत मटकन बसली.

"सगुणे?"

"हं."

"लई दुखलं का गं?"

"न्हाई माय. थोडंच."

सोनूबाई पाण्यात उतरली. पदरानं तिचं तोंड पुसलं, हात धरून तिला काठावर आणलं. दोघी गावाकडे चालत गेल्या. कुणी त्यांना हाक मारली नाही.

कॅसेट निघाली नाही. बेबीनंदाही जालन्याला परतली नाही. म्हातारीला आधार झाला, हिला घर मिळालं, असं मी मनाला समजावलं.

काही वर्षांनी बीडहून येताना शहागडला उतरलो. सोनूबाईनं मला बाजेवर बसवलं आणि आत हाक दिली, "सगुणे, चहा आन."

बेबीनंदा चहा घेऊन आली. अंगानं भरली होती. चेहरा निवांत.

"ओळखलं का?" मी विचारलं.

तिनं म्हातारीकडे पाहिलं. "कोन गं हे, माय?"

मी नजर वळवली. समोरच्या भिंतीवर हार घातलेला फोटो होता. बेबीनंदाचा.

"ती व्हय?" सोनूबाई म्हणाली. "शिनेमात काम करायची बिचारी. नदीत गेली. तिला कोनी नव्हतं, मंग आमीच दिवस घातले."

चहाची बशी माझ्या हातात देऊन बेबीनंदानं डोळ्याला पदर लावला.

"लई गुनाची होती," बेबीनंदा म्हणाली.