रिकाम्या तलावात दोघं

माँट्रियलच्या त्या जुन्या तरणतलावात पाण्याचा थेंब नव्हता, तरी माझा पाय घसरला आणि मी घरंगळत गेले ती थेट एका अनोळखी माणसाच्या कॅमेऱ्यासमोर.

"जरा बाजूला व्हाल का? मी रिकामी जागा टिपतोय."

लागलं का, हे विचारायची पद्धत नाही! राग आला मला, पण त्याचे डोळे... जाऊ दे. नाव तिबो. मी नाचते, आणि एखाद्या जागेत माझं अंग कसं मावतं त्याच्या छोट्या फिल्म करते. तिबोला मात्र फिल्ममध्ये माणूसच नको. माणूस आला की भिंतींकडे कोण बघतं, असं त्याचं म्हणणं. दुसऱ्या दिवशी तलाव पाडणार होते आणि शनिवारी आम्हा होतकरूंच्या फिल्म दाखवायच्या होत्या. शेवटी ठरलं, आधी तो, मग मी.

माझी वेळ आली आणि माझं रीळ कॅमेऱ्यात अडकून चुरगळलं. तिबोने पिशवीतून आपलं एक कोरं रीळ काढून दिलं, वर चित्रणही स्वतःच केलं. मी निळ्या फरशीवर लोळले, भिंतीला पाठ घासत उठले, कोपऱ्यात मुटकुळं करून बसले.

"रिकामी जागा बरी होती का?" मी विचारलं.

"चावी संपली," म्हणत तो कॅमेऱ्याला चावी देत बसला. कान लाल झाले होते.

शुक्रवारी रीळ धुऊन आलं, आम्ही दोघांनी लावून पाहिलं. पडद्यावर त्याच्या रिकाम्या पायऱ्या, आणि त्यांच्यातून आरपार मी! एकाच रिळावर दोन चित्रणं. या शिस्तीच्या पुतळ्याने मला कोरं म्हणून आपलं वापरलेलंच रीळ दिलं होतं. त्याची जागा गेली, माझा नाच गेला, आणि तलावाच्या जागी विटांचा ढीग. मला रडूच फुटलं.

तिबो पडद्यावरून नजर काढेना. माझा हात हवेत होता तिथे त्याची भिंत आली होती, मी टेकले होते तिथे त्याच्या खिडकीचं ऊन. ठरवून जमलं नसतं असं. माझं रडू आपोआप थांबलं.

"वाटोळं केलं मी तुमचं," तो म्हणाला. "पण खरं सांगू? तुम्ही चौकटीबाहेर गेलात ना... की मला ती जागा बघवत नाही."

"मग भिंतींचं काय?"

"भिंती गेल्या खड्ड्यात." मग त्याने विचारलं, "उद्या फिल्मवर नाव कुणाचं घालायचं?"

"दोघांचं."

"आणि पुढच्या फिल्मवर?"

"दोघांचंच. फक्त आता ते 'तुम्ही' सोड."

"तू..." तो म्हणाला. वाक्य पुरं होईपर्यंत कोण थांबतंय? मी त्याला जवळ ओढलं.