कॅप्टन व्हिचर यांचा अर्धा हुकूम

कोणी मला वेडी म्हणा, पण यातला एक शब्दही मी बदलणार नाही. कारण हे मी एकटीने ऐकलेलं नाही.

१८९३ चा ऑक्टोबर. गुरुवार. दुपारचे पावणेचार.

व्हरमाँटमधलं आमचं टॅनर्स फोर्ड गाव. नदीवरचा छपराचा लाकडी पूल ओलांडला की पहिलं घर आमचं. घरात दोघंच, मी आणि माझे वडील, कॅप्टन असाहेल व्हिचर.

बाबा मूळचे शाळामास्तर. यादवी युद्ध सुरू झालं तेव्हा साधे शिपाई म्हणून पायदळात गेले आणि तीन वर्षांत बी कंपनीचे कॅप्टन झाले. कंपनीत सगळी आमच्याच खोऱ्यातली पोरं. त्यातली बरीचशी बाबांनी शाळेत शिकवलेली.

त्या उन्हाळ्यात, तब्बल एकोणतीस वर्षांनी, बाबांना वॉशिंग्टनहून शौर्यपदक आलं. भर गोळीबारात पलटणीचा झेंडा वाचवल्याबद्दल.

गावाने जेवण दिलं. बाबांना चार शब्द बोलायला सांगितलं. ते उठले.

"मी त्यांना म्हणालो होतो, मी येईपर्यंत हलू नका," एवढंच बोलले आणि खाली बसले.

लोकांना वाटलं, केवढा हा विनय. टाळ्या वाजल्या.

तीन आठवड्यांनी बाबांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली. वाचाही गेली.

तर त्या गुरुवारी मी बाबांची खुर्ची खिडकीशी सरकवून सफरचंदं सोलत बसले होते. लख्ख ऊन पडलं होतं.

आधी नदीचा आवाज थांबला...

जन्मापासून तो आवाज माझ्या कानात आहे. तो थांबला, तेव्हा कान दुखायला लागले.

मग पुलाच्या फळ्या वाजल्या. वाटलं, कोणाची तरी गुरं असतील.

पण पूल संपला, रस्ता लागला... आणि ती सगळी पावलं एका तालात पडू लागली.

आमच्या फाटकाशी येऊन थांबली. मग एकदाच, जड, दबका आवाज. धप्प.

मी दारात गेले. रस्ता रिकामा होता.

एक माणूस नाही. धूळसुद्धा उडाली नव्हती.

मागे वळले तर बाबा रडत होते. तोंड उघडत, मिटत होतं. बाहेर पडत होता तो नुसता श्वास.

सूर्य मावळला आणि नदी पुन्हा वाहू लागली.

दुसऱ्या दिवशीही तेच. तिसऱ्याही. चौथ्या दिवशी मी इनोस पेटीकाकांना बोलावून घेतलं. तेही बी कंपनीतलेच. बाबांनी झेंडा वाचवला त्या लढाईच्या आदल्याच आठवड्यात जखमी होऊन इस्पितळात गेले, म्हणून वाचले. आले ते माझी चेष्टा करतच.

"घरात बसून बसून तुझ्या डोक्याला जाळी लागलीत, लोव्हिना. चहा टाक."

चहा झालाच नाही.

पुलाच्या फळ्या वाजल्या आणि काकांचा चेहरा पांढरा पडला. पूल ओलांडताना पलटण मुद्दाम ताल मोडते, नाहीतर पूल हादरतो, असं ते पुटपुटले. धप्प झालं, तेव्हा ते ताठ उभे राहिले. बंदुकांचे दस्ते जमिनीवर टेकल्याचा आवाज होता तो.

मग त्यांनी मला सांगितलं. बाबांनी आयुष्यात कधी न सांगितलेलं.

व्हर्जिनियात एका दगडी बांधाआड बाबांनी कंपनी बसवली होती. मी येईपर्यंत हलू नका, असं बजावून ते कुमक आणायला धावले. वाटेत झेंडेकरी पडला. बाबांनी झेंडा उचलला, आणि पुढे स्वतःच गोळी लागून कोसळले. माघारीचा हुकूम सगळ्यांना मिळाला, बी कंपनीला नाही. कारण तो त्यांच्यापर्यंत न्यायला बाबाच हवे होते, आणि ते बेशुद्ध होते.

तेहतीस पोरं बांधाआडून हलली नाहीत. एकही परत आलं नाही.

"त्यांना आता सोडायला हवं," काका म्हणाले आणि दारात जाऊन ओरडले, "रांग मोडा!"

काहीच नाही... नदीसुद्धा नाही.

मीही ओरडले. घसा बसेपर्यंत.

"आपला काय उपयोग?" काका पायरीवर बसत म्हणाले. "तू पोरगी, मी साधा शिपाई. त्यांना कॅप्टनचा हुकूम पाहिजे."

त्या दिवसापासून आम्ही बाबांना ते दोन शब्द शिकवायला लागलो. सकाळ, संध्याकाळ. मी त्यांचा जबडा हातात धरायची, ओठांना आकार द्यायची. तान्ह्या मुलाला शिकवावं तसं. बाबा घामाने भिजायचे. डॉक्टर म्हणाले, यांना छळू नका. पण थांबवायचं कसं? थांबलं की बाबाच डाव्या हाताने माझी बाही ओढायचे.

आणि रोज पावणेचारला ती पावलं यायची.

नोव्हेंबरच्या दुसऱ्या तारखेला पावलं थांबली, दस्ते टेकले. बाबांनी डाव्या हाताने खुर्चीचा हात घट्ट धरला. मान ताठ केली.

"रांग..."

स्पष्ट. मास्तरांचा जुना खणखणीत आवाज.

बाहेर तेहतीस जणांच्या टाचा एकाच वेळी जुळल्या. खिडकीच्या काचा थरथरल्या.

हुकुमाचा पहिला शब्द ऐकला की शिपाई श्वास रोखून दुसऱ्याची वाट बघतो, हे मला काकांनी नंतर सांगितलं.

दुसरा शब्द आलाच नाही.

बाबांनी तोंड उघडलं, नजर माझ्यावर खिळवली. मी त्यांच्या कानाशी किंचाळत होते, "मोडा, बाबा, मोडा म्हणा!" त्यांचे डोळे सांगत होते, शब्द आहे, इथेच आहे, निघत नाही. अंधार पडायच्या आत ते गेले.

दफन झालं. कबरीपाशी काकांनी माझा हात धरला. म्हणाले, आता तो स्वतःच त्यांच्याकडे गेलाय, त्यांना घरी सोडेल. मला खूप बरं वाटलं. खोटं कशाला सांगू, त्या रात्री मी शांत झोपले.

दुसऱ्या दिवशी पावणेचारला नदी थांबली...

पुलाच्या फळ्या वाजल्या. पण या वेळी सगळ्यांच्या पुढे एकटी पावलं होती. एक पाऊल टाकलेलं, एक ओढलेलं.

फाटकाशी येऊन थांबली. मागे तेहतीस जोड टाचा जुळल्या.

मी दार धरून उभी राहिले. दुसऱ्या शब्दाची वाट बघत. सूर्य मावळेपर्यंत.

याला आता सतरा वर्षं झाली. पेटीकाकाही गेले. पाद्री येऊन प्रार्थना करून गेले, पुढच्या आठवड्यात पुन्हा येतो म्हणाले, आले नाहीत. घर विकून टाक, असं सगळेच सांगतात.

मी अजून इथेच आहे. रोज पावणेचारला दार उघडून उभी राहते. माझ्या हुकुमाने काही होत नाही, हे मला माहीत आहे.

ते अजून घरी गेलेले नाहीत.