मोहोरबंद करंडी

"दोरा नको," उपेंद्र म्हणाला. "दोरा बांधला तर म्हणतील, सोडला आणि पुन्हा बांधला. कचेरीची लाख लावू. लाख फुटली तर आंधळ्यालाही कळेल."

"आणि लाख कुठून आणणार?" नलूने विचारलं.

"बाबांच्या पेटीतून."

"म्हणजे चोरून."

उपेंद्र गप्प बसला. अकरा वर्षांच्या आयुष्यात तो गप्प बसल्याचे प्रसंग फार थोडे होते. ठकूला हसू आलं आणि ते तिने परकराच्या काठात लपवलं.

वेल्ह्याच्या घराच्या पडवीत तिघं मांडी घालून बसली होती. बारा वर्षांची नलू भोरहून गणपतीच्या सुट्टीत आत्याकडे आली होती. उपेंद्र आत्याचा मुलगा. तेरा वर्षांची ठकू ही आत्याचं शेत बघणाऱ्या गेनबांची नात. तिघांच्या मधोमध झाकणाची एक बांबूची करंडी होती, शेणाने सारवलेली. तिच्यात तेरड्याच्या ओल्या फांद्या आणि एक अळी. बोटभर लांब, काळसर, दोन्ही कुशींवर डोळ्यांसारखे पिवळे ठिपके आणि शेपटीवर बारीकसा काटा. अळी चालायला लागली की तो काटा पुढे-मागे डुलायचा. पहिल्यांदा बघणारा माणूस दोन पावलं मागेच सरकायचा.

"चावत न्हाई काय," ठकू म्हणाली. "नुसतं भ्या दावतीया."

ही अळी उपेंद्र आणि ठकूने ओढ्याकाठच्या तेरड्यावरून आणली, त्याला आज नऊ दिवस झाले होते. तेव्हा ती तांदळाच्या दाण्याएवढी होती. नलूने भोरहून पोस्टकार्ड पाठवून तसं कळवलंच होतं: तेरड्यावरची लहान अळी धरा, गेल्या वर्षीच्याच करंडीत ठेवा, करंडी पडवीत त्याच जागी ठेवा. पोस्टकार्डावर तिने 'त्याच' या शब्दाखाली दोन रेघा ओढल्या होत्या.

आता गेल्या वर्षी काय झालं होतं ते सांगायला हवं.

गेल्या वर्षी नलूबरोबर तिचा मोठा भाऊ गंगाधरही इथे आला होता. पंधरा वर्षांचा हा मुलगा क्रिकेट सोडून अळ्यांच्या मागे लागला होता, म्हणून शाळेत त्याची यथेच्छ थट्टा व्हायची. त्याला तिची पर्वा नव्हती. कुठल्या झाडावर कुठली अळी, ती काय खाते, तिचं पुढे काय होतं, हे तो एका निळ्या पुठ्ठ्याच्या वहीत पेन्सिलीने लिहायचा आणि शेजारी चित्र काढायचा. तेरड्यावरच्या या अळीची दहा दिवसांची दहा चित्रं त्याने काढली होती. रोज पाला बदलायचं काम त्याने मोठ्या विश्वासाने नलूकडे दिलं होतं. अकराव्या दिवशी, गौर घरी आली त्या संध्याकाळी, करंडीत नुसत्या काड्या उरल्या होत्या. झाकण जागच्या जागी होतं, पण ते शेवटचं हाताळलं होतं नलूने. तिच्या आतोबांनी, आनंदरावांनी, ओटीवर पाहुण्यांसमोर तिला वेंधळी म्हटलं. आत्याने डोळे वटारले.  गंगाधर पुढचे आठ दिवस तिच्याशी बोललाच नाही.

मग तो बोलायला लागला. भावंडं किती दिवस अबोला धरणार? पण वहीतली ओळ त्याने खोडली नाही. "दिवस ११. अळी गेली. नलूने झाकण उघडे ठेवले." त्याखाली लिहिलं होतं, "पुढच्या गौरीला पुन्हा."

पुढची गौर त्याच्या वाट्याला आलीच नाही. चैत्रात त्याला विषमज्वर झाला आणि एकविसाव्या दिवशी तो गेला. भोरच्या घरात यंदा गणपती नव्हता, गौर नव्हती. आई स्वयंपाक करायची, वाढायची आणि भिंतीकडे बघत बसायची. नलूच्या वडिलांनीच तिला सुट्टीपुरतं वेल्ह्याला पाठवलं. ट्रंकेत तिने परकर-पोलक्यांच्या तळाशी ती वही ठेवली होती. झाकण आपण उघडं ठेवलं नव्हतं, हे तिला पक्कं ठाऊक होतं. पण ते ज्याला पटवायचं, तो ऐकायच्या आधीच निघून गेला होता. रात्र रात्र तिला हेच सलायचं.

"मग अळी गेली कुठं?" उपेंद्रने तिला हजारदा विचारलं होतं.

"तेच तर बघायचंय," नलू म्हणायची.

संध्याकाळी आनंदराव कचेरीतून आले. ते संस्थानच्या कचेरीत कारकून होते. टपालाच्या थैल्यांना लाखेची मोहोर लावणं हे त्यांचं काम, आणि या कामाचा त्यांना भारी अभिमान. घरी आल्यावरही तो पितळी शिक्का ते कनवटीला लावूनच फिरत. करंडी दिसताच त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या. परवा गौर यायची, सगळं घर सारवून झालेलं, आणि पडवीत हे किडे! त्यांनी गेनबांना हाक मारायला तोंड उघडलं.

उपेंद्र चटकन पुढे झाला. चेहऱ्यावर त्याने इतका भाबडा भाव आणला की ठकूला दुसरीकडे बघावं लागलं.

"बाबा, ठकू म्हणते की लाखेची मोहोर लावली तरी आतली वस्तू काढता येते."

"कोण म्हणतं?" आनंदराव गरजले. "माझी मोहोर बसली की मुंगीसुद्धा बाहेर जायची नाही."

"अळीसुद्धा?"

आनंदराव थबकले. मग हसले. मुलांनी आपल्याला कुठे आणून ठेवलं हे त्यांच्या ध्यानात आलं की नाही, देव जाणे. त्यांनी समई मागवली, लाख वितळवली आणि थैली बांधावी तशी करंडी सुतळीने बांधून चार बाजूंना चार मोहोरा उठवल्या. काम फक्कड झालं. फांद्या ताज्या होत्या, दोन दिवस पुरल्या असत्या.

"घे," ते नलूला म्हणाले. "आता तुझ्या हातून चूक व्हायची सोयच ठेवली नाही."

ते थट्टेतच बोलले होते. पण नलू उठून परसात गेली. ठकू तिच्या मागोमाग गेली आणि शेजारी उभी राहिली.

दोन दिवसांनी गौर यायचा दिवस उजाडला. त्या भागात गौर तेरड्याचीच. ओढ्याकाठचा फुललेला तेरडा मुळांसकट उपटून आणायचा, कारण ती मुळं म्हणजे गौरीचे पाय. मग त्या जुडीला मुखवटा आणि लुगडं. दुपारी आत्याने तांदळाच्या पिठाने उंबऱ्यापासून पडवीतून थेट माजघरापर्यंत गौरीची पावलं काढली. जेवणं झाली. आळीतल्या बाया, आत्या आणि तिन्ही मुलं ताटं घेऊन ओढ्यावर गेली. घरात एकटे आनंदराव राहिले. ते पडवीच्या दारातच पाट टाकून वर्तमानपत्र वाचत बसले होते.

ओढ्याच्या दोन्ही तीरांना गुलाबी तेरडा कमरेएवढा माजला होता. बाया जुड्या निवडताना अळी दिसली की पान झटकून टाकत. नलू ती झटकलेली प्रत्येक अळी उचलून दुसऱ्या झाडावर ठेवत होती. गेल्या वर्षी हे काम दादा करत होता. तो पाण्यात उतरून पलीकडच्या काठावर गेला होता आणि तिकडून ओरडला होता, नले, इकडे बघ, याच्यावर तर सात आहेत! नलूने पलीकडच्या काठाकडे बघितलं आणि पुन्हा खाली मान घातली.

घरी परतल्यावर आत्या गौर घेऊन उंबऱ्याशी उभी राहिली आणि तिथेच थांबली.

"पावलं कुणी मोडली?" ती म्हणाली.

पडवीतल्या पिठाच्या पावलांवरून एक बारीक रेघ आडवी गेली होती. आत्याने मुलांकडे बघितलं. मुलं तर तिच्याबरोबरच होती. तिने नवऱ्याकडे बघितलं.

"मी इथून हललो नाही," आनंदराव म्हणाले. "आत मांजरसुद्धा आलं नाही."

नलू उंबऱ्यावरच उकिडवी बसली. रेघ सरळ नव्हती. किंचित नागमोडी होती, आणि पीठ दोन्ही कडांना जरा सरकलेलं होतं. रेघेचं एक टोक करंडीखाली होतं.

"आतोबा," ती हळूच म्हणाली, "मोहोरा बघा."

आनंदरावांनी करंडी उचलली. एक, दोन, तीन, चार. चारही मोहोरा शाबूत होत्या, त्यांचा स्वतःचा शिक्का स्पष्ट उठलेला. त्यांनी त्या आपल्या हाताने फोडल्या आणि झाकण काढलं. आत नुसत्या काड्या होत्या.

उपेंद्रने करंडी उलटी केली. बुडाच्या कडेला, जिथे कुणी कधी बघत नाही तिथे, शेणाचं सारवण खपलीसारखं निघालं होतं आणि बांबूच्या दोन कामट्या फाकल्या होत्या. फटीतून त्याची करंगळी सहज बाहेर आली.

"पर धा दिस का न्हाई ग्येली?" ठकूने विचारलं.

"तेव्हा तिला खायचं होतं," नलू म्हणाली. बोलता बोलताच तिला ते उमगत होतं. "आता खाणं संपलं. आता तिला दुसरंच काहीतरी हवंय."

गौर अजून दारातच होती. आत्या तिला घेऊन आत यायची खोळंबली होती, पण ती म्हणाली, "बघा तुम्ही. गौर थांबेल घटकाभर."

रेघ पावलं ओलांडून पडवीच्या कोपऱ्यात गेली होती. तिथे एक फुटकं जातं कित्येक वर्षं पडून होतं. केरसुणी त्याच्या पुढून जायची, मागे कधी पोचायची नाही. आनंदराव आणि उपेंद्रने मिळून जातं अलगद सरकवलं. मागे भाताचं तूस, माती आणि वाळका पाचोळा साचला होता. त्यात कोळ्याच्या जाळ्यासारख्या चार धाग्यांत अळी आखडून बसली होती.

"हात लावू नगा," ठकू म्हणाली. "नांगरताना असलंच कायतरी घावतं. आदी अळी आसती, मग भुईमुगाच्या श्येंगंवाणी व्हती."

आणि वीतभर अंतरावर तशीच एक शेंग होती. तपकिरी, बोटाच्या दोन पेरांएवढी, एका टोकाला फाटलेली. नलूने ती तळहातावर घेतली. तिला वजनच नव्हतं.

"ही औंदाची न्हाई," ठकू म्हणाली. "धूळ बग की वर."

 सगळ्यांना एकदमच कळलं होतं. गेल्या वर्षीची अळी हरवली नव्हती. तीही याच फटीतून निघून, याच वाटेने इथे आली होती, इथे कोष केला होता आणि पंख फुटल्यावर उडून गेली होती. गंगाधर तिला आठ दिवस ओढ्याकाठी शोधत होता, तेव्हा ती त्याच्या अंथरुणापासून दहा हातांवर होती.

आनंदराव खाली बसले. पितळी शिक्का त्यांनी उगाच दोनदा पालथा करून बघितला.

"नलू," ते म्हणाले, "गेल्या वर्षी मी तुला चारचौघांत बोललो. न बघता बोललो. चुकलं माझं. तुम्ही पोरांनी शोधलंत, ते आम्हा मोठ्यांना सुचलंही नाही. शाबास तुमची!"

शाबासकी ऐकून उपेंद्र फुलला. ठकूने मान खाली घातली. नलूने मूठ मिटली, आत तो पोकळ कोष होता.

"पण दादाला कोण सांगणार?" ती म्हणाली आणि इतक्या महिन्यांत पहिल्यांदा ढसाढसा रडली.

आत्याच्या दोन्ही हातांत गौर होती. तिला डोळे पुसता येईनात. ती तशीच उभी राहिली आणि गौरीच्या फुलांवर थेंब पडत राहिले.

सुट्टी संपली तेव्हा नलूच्या मांडीवर एक कुंडी होती. कुंडीत जात्यामागची माती, तूस, एक उभी काडी आणि भुईमुगाच्या शेंगेसारखा कोष. नसरापूरपर्यंत गेनबांनी गाडी इतकी सांभाळून हाकली, की बैलांनाच त्याचं नवल वाटलं असेल. नलू उतरत असताना ते म्हणाले, "तुजा भाऊ माज्याशी लई बोलायचा. म्या निस्तं व्हय व्हय म्हनायचो. ध्यान द्याया पायजे व्हतं."

भोरला कुंडी गंगाधरच्या खिडकीत ठेवली. त्या खिडकीशेजारच्या फळीला चैत्रापासून कुणी हात लावला नव्हता. आईने कुंडीकडे एकदा बघितलं आणि ती आत गेली. पण दोन-तीन दिवसांनी, आपलं लक्ष नाही असं दाखवत, ती मातीवर पाण्याचा हबका मारू लागली.

वहीच्या हिशेबाने सत्ताविसाव्या दिवशी, दिवेलागणीला, काडीवर काहीतरी सरकलं. नलूने आईला हाक मारली. दोघी खिडकीशी बसल्या. पतंगाचे पंख आधी भिजल्या चिंधीसारखे लोंबत होते. हळूहळू ते ताठ झाले. तपकिरी पतंग, पाठीवर डोक्यापासून शेपटीपर्यंत दोन रुपेरी रेघा. गंगाधरला शेवटपर्यंत बघायची होती ती हीच वस्तू.

आई उठली. फळीवरून तिने त्याची पेन्सिल काढली, अर्धी झिजलेली, टोकाशी चावलेली, आणि नलूच्या हातात दिली.

नलूने चित्र काढलं. ते काही दादासारखं जमलं नाही. खाली लिहिलं, "दिवस २७. पतंग बाहेर आला." मग पानं मागे उलटून ती अकराव्या दिवसावर आली. आईने वाकून ती ओळ वाचली आणि नलूच्या पाठीवर हात ठेवला.

नलूने ओळ खोडली नाही. ते त्याचं अक्षर होतं, आणि आता नवं अक्षर कुठून येणार? तिने त्याखाली उरलेल्या जागेत बारीक अक्षरात लिहिलं.

"नाही रे दादा. झाकण बंद होतं."

वर बघितलं तेव्हा काडी रिकामी होती. आईने खिडकी लावली नाही. पेन्सिल तिने नलूच्या दप्तरात ठेवली आणि ती दिवा लावायला आत गेली.