स्टॉपरचा हात

“माझा पत्ता कुणी सांगितला, वहिनी?”

चारू उंबऱ्यातच उभा होता. अंगात तोच चौकड्यांचा शर्ट, जो घालून तो बजबजला गेला होता. दाढी वाढलेली, डोळे तांबारलेले, आणि आवाज... आवाज असा की शकुनचे कणीक मळणारे हात परातीतच थांबले. बेहाल्याच्या या घरात तिनं त्याचं रडणं ऐकलं होतं, हट्ट ऐकले होते, गोवर आला तेव्हाचं कण्हणंही ऐकलं होतं. पण हा स्वर तिच्या ओळखीचा नव्हता!

“आधी आत ये रे... घोटभर पाणी तरी घे...”

“पाणी नको! मी बजबजला लपलोय हे फक्त या घराला ठाऊक होतं. त्या लोकांनी तोंडावर सांगितलं मला, ‘तुझ्या घरूनच पत्ता मिळाला!’ बाबा आजारी आहेत असं सांगून टॅक्सीत बसवलं आणि खोलीत कोंडलं! सह्यांची मुदत संपत आली तेव्हा म्हणाले, आमच्याकडे सही कर, नाहीतर वर्षभर घरी बस. केली मी सही! आता खोकनदांना तोंड कसं दाखवू? सांग ना, कुणी सांगितलं? बाबांनी?”

आतल्या खोलीत आरामखुर्ची करकरली.

“बाबांनी सांगितलं असेल तर आत्ताच सांग. या माणसाचं तोंड पुन्हा बघायचं नाही मला. मेले तरी खांदा द्यायला यायचा नाही मी!”

दाराच्या फटीतून शकुनला मामंजी दिसत होते. खिदिरपूरच्या गोदीत उभी हयात कस्टममध्ये काढलेले दत्तात्रय खांबेटे, ज्यांच्या नुसत्या खाकरण्यानं कारकून उठून उभे राहत... ते आज एका हातानं खुर्चीची कड घट्ट धरून दुसऱ्या हातानं छाती चोळत होते. यांना धक्का सोसायचा नाही, असं डॉक्टरांनी नुकतंच बजावलं होतं. शकुननं त्यांच्याकडे पाहिलं, मग चारूकडे पाहिलं, आणि तिचं काळीज जणू दोन्हीकडून ओढलं गेलं.

“मी सांगितला,” ती म्हणाली.

“तू?” चारू उंबरा ओलांडून आत आला. “म्हणजे त्या दिवशी तू बजबजला आली होतीस हे खरं? खोकनदांची बहीण म्हणाली तेव्हा मी तिलाच खोटं पाडलं, वहिनी! का केलंस तू हे?”

शकुननं मान खाली घातली. खरं सांगता येत नव्हतं आणि खोटं रचायची तिला सवय नव्हती...!

ते सत्तर साल होतं. कलकत्त्यात एकीकडे संध्याकाळ झाली की लोक नक्षली हाणामाऱ्यांच्या भीतीनं दारं लावून घेत होते, आणि दुसरीकडे तीच माणसं चैत्रातल्या त्या दिवसांत, कुठला खेळाडू कुठल्या क्लबात सही करणार यावरून एकमेकांच्या गळपट्ट्या धरत होती. सही करायला खेळाडूला स्वतः जावं लागे. म्हणून जो तो क्लब आपली माणसं मुदत संपेपर्यंत दडवून ठेवी आणि दुसऱ्याची पळवी. ज्यानं हे पाहिलं नाही त्याला ही थट्टा वाटेल, पण या थट्टेत कित्येकांचे संसार नासले. गंगा युनियननं आपला स्टॉपर, म्हणजे बचावाचा मधला गडी, चारुदत्त खांबेटे बजबजच्या ज्यूट गिरणीच्या चाळीत, खोकनदांच्या बहिणीकडे ठेवला होता. हेच खोकनदा त्याचे गुरू. बेहाल्याच्या गल्लीत विटांचे गोल मांडून खेळणारं पोर त्यांनी उचललं, दुसऱ्या डिव्हिजनमध्ये घासूनपुसून तयार केलं आणि गंगा युनियनच्या बचावफळीच्या मधोमध उभं केलं.

पण त्याआधी त्याला उभं केलं होतं ते शकुननं! ती लग्न होऊन आली तेव्हा चारू आईविना वाढणारं, नाक पुसायचीही शुद्ध नसलेलं पोर होतं. मामंजींच्या लेखी फुटबॉल म्हणजे उडाणटप्पूपणा. एकदा त्यांनी त्याचे बूट सरळ शेगडीत घातले. दुसरा जोड शकुननं कोळशाच्या पोत्यामागे दडवला, चिखलानं भरलेली जर्सी आपल्या लुगड्याआड वाळवली. नवरा शशिकांत बँकेत, बदलीवर सिलिगुडीला. घरात बोलायला दुसरं होतं कोण? मिठाच्या गरम पाण्यात पाय सोडून चारू तिला सगळं सांगे... कोण कसा खेळतो, पूर्वेकडून आलेल्या निर्वासितांचा पद्मा स्पोर्टिंग जिंकला की बाजारात हिलसा मासा कसा महागतो, गंगा युनियन जिंकला की कोळंबी कशी मिळेनाशी होते! पद्माचा माणूस कुणाकडे गेला तर हिलसा नेणार आणि गंगाचा कोळंबी, हे कलकत्त्याच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. जन्मात मासळी न शिवलेल्या शकुनलाही ते पाठ झालं होतं.

एकदा शशिकांतबरोबर ती मैदानावर सामना बघायला गेली. साधा चेंडू गोलकीपरच्या हातून निसटून गोलात गेला आणि चारूनं मात्र हजारो माणसांपुढे स्वतःचा हात वर केला! सगळं मैदान त्याला शिव्या घालू लागलं. घरी आल्यावर ती चिडून म्हणाली, “अरे, चूक त्याची! तू का हात वर केलास?”

“वहिनी, मागचा खचला तर संपलंच की सगळं,” तो हसत म्हणाला. “खोकनदा सांगतात, मागच्याची चूक स्टॉपरनं आपल्या अंगावर घ्यायची. सामना अजून बाकी असतो ना!”

आणि तो दिवस...! शकुन चैत्रातल्या हळदीकुंकवाला गेली होती. परत आली तर मामंजी दारातच उभे, चेहऱ्यावर कधी नव्हे ते हसू. “चारूच्या क्लबातली माणसं येऊन गेली, सूनबाई! काय तोंड भरून बोलली! शंकरपाळे दिले मी. चारूला भेटायचं म्हणाली, पत्ता दिला. आणि हे बघ, काय आणलंय... आपल्याला चालत नाही हे त्या बिचाऱ्यांना काय ठाऊक!”

नळाशी केळीच्या पानात गुंडाळलेला चंदेरी हिलसा होता. आयुष्यभर लोकांच्या पेट्या उघडून आतला माल ओळखणाऱ्या मामंजींना मासा तेवढा ओळखता आला नव्हता! शकुन तशीच, हातातल्या ओल्या हरभऱ्यांची पुडी न ठेवता, स्टेशनकडे धावली. बजबजला पोचली तेव्हा टॅक्सी निघून गेली होती, आणि खोकनदांच्या बहिणीनं तिला चाळीतून परतताना तेवढं पाहिलं.

बाबा चुकून बोलून गेले, हे ती चारूला सांगू शकत होती. पण बूट जाळणाऱ्या बापाची चूक या पोराला चूक वाटली असती? आणि ती माणसं कुठली हे न कळून मीच फसले, असं म्हणावं तर हिलसा-कोळंबीचा फरक तिला त्यानंच शिकवला होता. म्हणून ती गप्प राहिली.

आणि नशीब तरी किती दावेदार! दोनच महिन्यांत शशिकांतची बदली पुन्हा कलकत्त्याला झाली; आणि पद्माचे सेक्रेटरी निताईबाबू त्याच बँकेत बडे अधिकारी! चारूनं दोन्हींचा मेळ घातला. “अण्णाच्या बदलीसाठी मला विकलंस तू,” एवढंच तो म्हणाला. ‘वहिनी’ हा शब्द त्या दिवसापासून त्याच्या तोंडी राहिला नाही, आणि तो ट्रंक उचलून क्लबाच्या मेसमध्ये राहायला गेला. मामंजी रात्रंदिवस तळमळत. “मी सांगतो त्याला खरं...” ते म्हणत, आणि शकुन म्हणे, “माझ्या कुंकवाची शपथ आहे तुम्हाला, मामंजी! त्याला आई नाही, निदान बाप तरी राहू दे.”

मामंजी गप्प बसले. शपथेमुळे बसले असं ते स्वतःला सांगत. पण खरं तर मुलगा तुटेल या भीतीनं बसले, हे त्यांचं त्यांना कळत होतं.

चारू खेळत राहिला. गंगा युनियनविरुद्धच्या पहिल्याच सामन्यात जुन्या लोकांनी त्याच्यावर विटा फेकल्या, ‘विश्वासघातकी’ म्हणून ओरडले. खोकनदा पाठ फिरवून बसले ते बसलेच. तरी तो बंगालकडून खेळला, पद्माचा कप्तान झाला. गोल मारणाऱ्यांचे फोटो छापून येत. याचं नाव येई ते याच्या हातून काही सुटलं तरच. शकुन ट्रान्झिस्टर छातीशी धरून बसे. कॉमेंट्रीत त्याचं नाव आलं नाही की तिला हायसं वाटे.

दर रविवारी तो बापाला भेटायला येई. शकुन चहा ठेवी, तो तसाच थंड होई. या घरात त्यानं पाण्याचा थेंबही घेतला नाही. ज्या पोराला तिनं घास भरवून वाढवलं, तो तिच्यासमोर बसून कोरड्या ओठांनी निघून जाई... आणि ती माउली कप विसळताना नळ मोठा सोडी, म्हणजे हुंदका ऐकू जाणार नाही!

पंचाहत्तरच्या पावसाळ्यात त्याचा गुडघा गेला. समोरच्याच्या पायातून चेंडू काढताना अंगावर दोघे कोसळले, आणि डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं की आता मैदान विसरा. मेसमध्ये त्याचं करणार कोण? शशिकांतनं त्याला उचलून घरी आणलं. शकुन मुकाट्यानं शेकत होती, पट्टी बांधत होती. तो भिंतीकडे तोंड करून पडला होता. अजूनही जेवण येत होतं ते मेसच्या डब्यातूनच.

त्या दिवशी दार वाजलं. शकुननं उघडलं. दारात निताईबाबू उभे होते, हातात केळीच्या पानात गुंडाळलेला हिलसा!

“बौदी, नमस्कार! आमच्या कप्तानाला बघायला आलो.” वहिनीला बंगालीत म्हणतात तसं ‘बौदी’ म्हणून ते थेट आत गेले. चारूच्या उशाशी मामंजी बसले होते. निताईबाबूंनी वाकून त्यांच्या पायांना हात लावला. “मेशोमशाय, ओळखलंत? त्या वर्षी तुमच्या हातचे शंकरपाळे खाऊन गेलो होतो मी! अरे चारू, तुझ्या बाबांनी त्या दिवशी इतक्या प्रेमानं पत्ता दिला म्हणून तर आम्हाला तू मिळालास!”

चारूनं भिंतीकडचं तोंड वळवलं.

“काहीतरी घोटाळा होतोय तुमचा,” शकुन घाईघाईनं म्हणाली. “पत्ता मी...”

“छे छे, बौदी! तुम्ही तर घरातच नव्हता. आज पहिल्यांदाच पाहतोय मी तुम्हाला!”

“मग अण्णाची बदली?” चारूनं उठायचा प्रयत्न केला. वेदनेनं त्याचा चेहरा पिळवटला. “ती कशाच्या बदल्यात केलीत तुम्ही?”

“कसली बदली? तुझा भाऊ आमच्या बँकेत आहे, हे तर मला मागच्या वर्षी कळलं,” निताईबाबू गोंधळून म्हणाले. मग एकेकाचे चेहरे पाहून त्यांना काय कळायचं ते कळलं असावं. मासा तसाच हातात धरून ते हळूच निघून गेले.

“मामंजी, तुम्हाला माझी शपथ आहे...” शकुन रडत म्हणाली.

“पुरे, सूनबाई! पुरे झालं!” मामंजी उठले. “चारू, मीच सांगितला पत्ता. तुझं वाईट करायला नाही रे! आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी माझ्या दारात येऊन म्हणालं, तुमच्या मुलासारखा स्टॉपर साऱ्या कलकत्त्यात नाही. मी कधी तुझा सामना पाहिला नव्हता. त्या दिवशी... त्या दिवशी अभिमान वाटला मला तुझा! इतका, की ही माणसं कोण, कुठली, विचारायचंही सुचलं नाही. आणि त्यानंतर मी भ्यालो. या पोरीनं तुझे शिव्याशाप झेलले आणि मी खुर्चीत बसून बघत राहिलो!”

म्हातारा मुलाच्या अंथरुणापाशी खाली बसला आणि मोठ्यानं रडू लागला. चारूनं बापाच्या डोक्यावर हात ठेवला. त्याला राग आठवत होता, पण येत नव्हता. तो बघत होता शकुनकडे. ती दाराच्या चौकटीला टेकून उभी होती. केसांत चांदी उतरली होती, हात राखेनं खरखरीत झाले होते... हे सगळं कधी झालं? आपण दर रविवारी इथे येत होतो ना?

“का केलंस असं?” त्यानं विचारलं. “एकदा तरी सांगायचंस... इतकी वर्षं मी तुला...”

“सामना बाकी होता रे,” शकुन डोळे टिपत म्हणाली. “मागचा खचला असता तर?”

कोपरावर जोर देऊन चारू कसाबसा उठून बसला आणि त्यानं आपला उजवा हात वर केला... भर मैदानात साऱ्यांच्या शिव्या ओढवून घेताना करी तसाच, सरळ, डोक्याच्या वर.

शकुन धावली. तिनं तो हात धरून खाली घेतला आणि आपल्या गालाशी लावला.

“वहिनी,” तो लहान मुलासारखा म्हणाला, “भूक लागलीय गं!”

मेसचा डबा कोपऱ्यात तसाच पडला होता. शकुननं पदर खोचला आणि पानं घ्यायला ती स्वयंपाकघरात गेली.