पंचनाम्यातली स्कूटर

वैदेहीची समीरशी पहिली ओळख झाली ती भांडणातूनच. उल्हासनगर कॅम्प एकमधल्या झेरॉक्सच्या दुकानात तिचे कागद त्याच्या कागदांत मिसळले, आणि हा गृहस्थ त्यातला एक परत द्यायचं नाव घेईना. तो अपघाताच्या पंचनाम्याचा नकाशा होता.

"स्कूटर इथे नव्हती," तो म्हणाला. "ती इथे... मी ठेवली."

वैदेहीने कागद ओढणं थांबवलं. बाबांना, म्हणजे दिनानाथांना, जाऊन आठ महिने झाले होते. बदलापुरात, कात्रपच्या रस्त्यावर टेम्पोने त्यांना उडवलं. पण स्कूटर सापडली उजव्या कडेला, म्हणून बाबाच उलट्या दिशेने आले असा अर्थ निघाला. जन्मभर नियमाने गाडी चालवलेल्या माणसावर हा ठपका! वैदेहीच्या आईने, माईने, तेव्हापासून शेजारणींत बसणं सोडलं होतं. भरपाईच्या दाव्यात टेम्पोवाल्याची चूक सिद्ध करायला डोळ्यांनी पाहिलेला माणूस आणा, असं सांगून मायाताई वकील थकल्या होत्या.

तो माणूस असा समोर उभा होता. अंबरनाथच्या एका कारखान्यात सुपरवायझर. ओव्हरटेकच्या नादात समोरून आलेला टेम्पो बाबांच्या अंगावर गेला ते त्याने मागून पाहिलं होतं. बाबांना रिक्षात घातल्यावर, मागे गाड्या खोळंबल्या म्हणून, त्यानेच स्कूटर उचलून पलीकडच्या कडेला नेली. आपल्याकडे कुणीही हेच करतं. पोलिस येईपर्यंत रस्ता कोण अडवून ठेवतो?

जागा दाखवायला दोघं कात्रपला गेली तेव्हा पाऊस भुरभुरत होता. छत्री एकच. समीर पावलं मोजत होता, अर्धा भिजत.

"तुम्ही इथे उभ्या राहा. टेम्पो म्हणून."

"मुलीला कुणी टेम्पो म्हणतं का?"

"मग काय म्हणू?"

"वैदेही... चालेल."

बाबांच्या त्या जागेवर आपण हसलो, याची तिला नंतर लाज वाटली. हसू मात्र गेलं नाही. मग मायाताईंच्या ऑफिसातून निघाल्यावर चहा, चहानंतर उगाच लांबचा रस्ता, आणि रस्ता ओलांडताना त्याने धरलेला हात... जो पलीकडे पोचल्यावरही कुणी सोडला नाही.

साक्षीच्या आठ दिवस आधी मायाताईंनी बजावलं की साक्षीदार घरोब्यातला निघाला तर समोरचा वकील त्याला सोलून काढेल.  वैदेहीने त्याच संध्याकाळी समीरला गाठलं.

"आपलं नातं विचारलं तर काय सांगू?" त्याने विचारलं.

"सांग, काही नाही."

"शपथेवर?"

"माझ्यासाठी, समीर."

तो मान हलवून निघाला. तिला वाटलं, पटलं.

कोर्टात टेम्पोच्या विमा कंपनीच्या वकिलाने तो प्रश्न विचारलाच. समीरने एकदा तिच्याकडे पाहिलं. "काही नाही," तो म्हणाला. इतक्या शांतपणे, की तिलाही ते खरं वाटलं.

सात महिन्यांनी निकाल लागला. चूक टेम्पोचालकाची, दिनानाथांचा काही दोष नाही. माई पेढे घेऊन शेजारी गेली. वैदेही अंबरनाथला, कारखान्याच्या गेटवर. साक्षीनंतर समीरने फोन उचलला नव्हता. निकालापर्यंत काळजी घेतोय, असं ती स्वतःला सांगत आली होती.

"आता भेटायला हरकत नाही," ती म्हणाली.

"स्कूटर हलवली तेव्हा माझ्यामुळे नकळत खोटं लिहिलं गेलं. शपथेवरचं तरी खोटं राहू नये म्हणून... सात महिने ते ‘काही नाही’ खरं करत बसलोय."

"आणि झालं खरं?"

"अजून पूर्ण नाही." त्याने नजर वळवली. "होईल."

जे तिने आजवर एकदाही म्हटलं नव्हतं, ते ती तिथे वॉचमनच्या देखत म्हणाली. माझं प्रेम आहे तुझ्यावर.

आत निघालेला समीर थांबला. "हे साक्षीआधी म्हणाली असतीस ना, वैदेही, तर मी कोर्टात हेच सांगितलं असतं."

आणि तो आत गेला.